बोरिवलीतल्या एका सायकलचे डिस्क ब्रेक: पावसाळ्यातलं एक प्रकरण

पार्श्वभूमी

हे प्रकरण मागच्या पावसाळ्यातलं आहे. सायकल माझी नाही, आमच्या मजल्यावरच्या वहिनींची, त्यांना विचारूनच लिहितोय, नाव आणि सोसायटी सोडून दिलीय, बाकी जे झालं ते तसंच्या तसं. वहिनी बोरिवली पूर्वेला राहतात आणि ठाकूर व्हिलेजमध्ये दहावीच्या मुलांना गणित शिकवतात, एक बॅच सकाळी साडेसहाला, एक संध्याकाळी. चारेक किलोमीटर जायचं, तेवढंच यायचं, हायवेच्या सर्व्हिस रोडने देवीपाडा, मागाठाणे करत. आणि रविवारी नॅशनल पार्कात कान्हेरीपर्यंत चढून जायचं, तो त्यांचा हक्काचा वेळ, त्यात घरातलं कोणी मध्ये येत नाही.

सायकल हायब्रिड, तीन वर्षं वापरलेली. दोन्ही चाकांना मेकॅनिकल डिस्क, म्हणजे वायरने ओढले जाणारे ब्रेक, ऑइलवाले नाहीत. रोटर, म्हणजे चाकासोबत फिरणाऱ्या पातळ चकत्या, १६० मिलिमीटरचे, सहा बोल्टांचे, चाकं क्विक रिलीजची, म्हणजे पान्याशिवाय, एक लिव्हर उघडून निघणारी. आपल्याकडे या रेंजमधल्या खूप सायकलींना हाच सेटअप असतो आणि दुकानातून बाहेर पडल्यावर त्याच्याकडे कोणी बघत नाही, बघायचं असतं हेच कोणी सांगत नाही, म्हणून हे सविस्तर लिहायला घेतलं.

मी मेकॅनिक नाही. स्वतःच्या सायकली स्वतः खोलतो, बिल्डिंगमधल्या चार-पाच जणांच्या करून देतो, एवढंच.

अडचण

जूनच्या शेवटी वहिनी लिफ्टपाशी भेटल्या तेव्हा म्हणाल्या, "भाऊजी, सायकल ओरडते हो ब्रेक मारला की, अख्खा रस्ता वळून बघतो." मी म्हटलं पावसात डिस्क ओरडते, पाणी सुकलं की गप्प होते. ते खरंच आहे, ओल्या रोटरवर पहिले एक-दोन ब्रेक ओरडतात, पण मी सायकल न बघता हे बोललो आणि विषय संपवला. या प्रकरणातला पहिला निर्णय हाच आणि तो चुकीचा होता.

तीन आठवड्यांनी, जुलैच्या मध्यात, सकाळी सहाच्या सुमाराला मागाठाण्याच्या अलीकडे एका गल्लीतून रिक्षा बाहेर आली. वहिनींनी दोन्ही ब्रेक दाबले. मागची लिव्हर कडक लागली, म्हणजे हाताला वाटलं ब्रेक बसला, पण सायकल थांबेचना. पुढची लिव्हर पार हँडलला टेकली, आवाज मोठा आला, वेग जेमतेम कमी झाला. शेवटी त्यांनी दोन्ही पाय खाली टाकले, चप्पल घासत गेली आणि पुढचं चाक रिक्षाच्या मागच्या चाकाला जाऊन टेकलं. लागलं काही नाही, डाव्या पायाच्या घोट्याला खरचटलं. रिक्षावाला उतरून "ताई, बरं आहे ना?" विचारून गेला.

त्या दिवशी वहिनी सायकल हातात धरून चालत घरी आल्या. संध्याकाळी मी खाली पार्किंगमध्ये बघायला गेलो तेव्हा त्यांनी एकच विचारलं, "उद्या सकाळी नेऊ का?"

पहिला मोठा निर्णय: चालवायची की नाही

हा प्रश्न वाटतो तितका सोपा नव्हता. बॅच सकाळची, त्या वेळी पावसात रिक्षा मिळेपर्यंत वीस मिनिटं जातात, आणि माझ्या डोक्यात होतं की अर्ध्या तासात ट्यून करून देतो, उद्यापुरतं होईल. पण चाक फिरवून लिव्हर दाबली आणि माझा विचार बदलला. ब्रेक एका बाजूचा गेला असता तर मी कदाचित हळू चालवा म्हटलं असतं. इथे दोन्ही गेले होते. मी म्हटलं, वहिनी, दोन्ही ब्रेक माझ्या मनासारखे झाल्याशिवाय सायकल बाहेर जाणार नाही. त्या नऊ दिवस रिक्षाने गेल्या. हा निर्णय बरोबर होता आणि आज परत वेळ आली तरी तोच घेईन.

आधी काय काय झालं होतं

हे मला तुकड्यातुकड्यांनी कळलं, एकदम नाही, आणि त्यातच बराच वेळ गेला. क्रमाने लावलं तर असं होतं:

मे महिन्यात पुढचं चाक पंक्चर झालं. पंक्चरवाल्याने सायकल उलटी केली, चाक काढलं, पंक्चर काढून उलट्या सायकललाच चाक बसवून क्विक रिलीज आवळलं. तेव्हापासून पुढे बारीक खर्र-खर्र सुरू झालं. जूनमध्ये मागची लिव्हर खोल जायला लागली म्हणून एका सायकलवाल्याकडे नेली, त्याने दोन मिनिटांत वायर टाइट करून दिली. आठवड्याने परत ढिली, परत टाइट. तिसऱ्यांदा वहिनींनी स्वतःच लिव्हरजवळचा बॅरल, म्हणजे वायर ताणायचा फिरता नट, फिरवून टाइट केली, कारण आता त्यांना ते जमत होतं. आणि जुलैच्या पहिल्या आठवड्यात त्यांच्या मुलाने, आठवीत आहे, आईच्या सायकलचा आवाज बंद व्हावा म्हणून घरातला गंज काढायचा स्प्रे चेनवर मारला आणि उरलेला पुढच्या डिस्कवर.

यातलं प्रत्येक काम कोणीतरी मनापासून मदत म्हणून केलेलं आहे. पंक्चरवाल्याचा सगळा जन्म रिम ब्रेकच्या, म्हणजे चाकाच्या कडेवर रबर दाबणाऱ्या ब्रेकच्या सायकलींत गेला, त्यात चाक एक-दोन मिलिमीटर तिरकं बसलं तरी फार बिघडत नाही, नट आवळताना मध्यात आणता येतं. डिस्कमध्ये तेवढ्यात खेळ संपतो, कारण पॅड आणि रोटर यांच्यातली फट पाव ते अर्धा मिलिमीटर असते.

हा ब्रेक आतून कसा चालतो

पुढचं समजायला हे लागेल. वहिनींच्या सायकलच्या कॅलिपरमध्ये, म्हणजे रोटरला दोन्हीकडून चिमटणाऱ्या भागात, दोन पॅड आहेत पण हलतो फक्त बाहेरचा. लिव्हर दाबली की वायर कॅलिपरवरचा दांडा ओढते, दांडा फिरला की आतला पिस्टन पुढे येतो, बाहेरचा पॅड रोटरला ढकलतो, आणि रोटर पातळ पत्र्याचा असल्याने तो थोडा वाकून आतल्या, म्हणजे स्पोकच्या बाजूच्या पॅडवर जाऊन टेकतो. तेव्हा कुठे चिमटा पूर्ण होतो. आतला पॅड जागचा हलत नाही. त्याला मागून एक स्क्रू असतो, इथे ५ एमएम अ‍ॅलन कीने फिरतो, स्पोकमधून की घालून. आतला पॅड झिजला की तो स्क्रू थोडा फिरवून पॅड पुढे आणायचा असतो.

आता विचार करा की हा स्क्रू तीन वर्षांत एकदाही फिरवलेला नाही आणि दरवेळी फक्त वायर आवळलीय. वायर आवळली की दांडा विश्रांतीच्या जागेवरून आधीच पुढे सरकतो. दांड्याला फिरायला जागा ठरावीक आहे. अर्धी जागा वायर आवळण्यातच संपली तर ब्रेक मारायला अर्धीच उरते. वहिनींच्या मागच्या ब्रेकमध्ये तीही संपली होती, लिव्हर दाबल्यावर दांडा जाऊन वायर जिथून कॅलिपरमध्ये शिरते त्या कानाला टेकत होता, लोखंडावर लोखंड. हाताला जे कडक लागत होतं ते हे. ब्रेक रोटरवर बसलाच नव्हता. मी बोटाने दांडा त्या कानाला टेकलेला त्यांना दाखवला, टॉर्च मारून, तेव्हा वहिनी काहीच बोलल्या नाहीत, नुसत्या बघत राहिल्या, मग म्हणाल्या, "म्हणजे मी जितकं टाइट करत होते तितका तो कमी होत होता?" हो, अगदी तेच.

ढिली लिव्हर निदान सांगते तरी की काहीतरी बिघडलंय. वायर आवळून कडक केलेली लिव्हर ते लपवते.

तपासणी आणि माझी वाया गेलेली संध्याकाळ

पहिल्या संध्याकाळी मी पुढच्या ब्रेकपासून सुरुवात केली. चाक फिरवलं, रोटर आतल्या पॅडला घासत होता. कॅलिपरचे दोन बोल्ट ढिले केले, कॅलिपर सरकवला, फटी बघितल्या, आवळलं. फिरवलं, परत घासतोय. परत ढिलं. असं साधारण दोन तास. एक गोष्ट खटकत होती ती म्हणजे कॅलिपर वरून सरळ दिसला की खालून तिरका दिसायचा, पॅडच्या वरच्या टोकाला फट आणि खालच्या टोकाला नाही. शेवटी कसंबसं न घासणारं एक ठिकाण मिळालं आणि मी खूष होऊन वर गेलो.

दुसऱ्या दिवशी रोटर नीट पुसायला चाक काढलं आणि परत बसवलं, तर आदल्या दिवशीचं सगळं अलाइनमेंट गेलं. पूर्ण वेगळ्या जागी घासायला लागलं. तेव्हा डोक्यात प्रकाश पडला की मी काल तिरक्या चाकाला कॅलिपर जुळवत बसलो होतो. एक्सल, म्हणजे चाकाचा आस, एका बाजूला फोर्कच्या, म्हणजे पुढचं चाक धरणाऱ्या दोन पायांच्या खाचेत वरपर्यंत टेकलाच नव्हता, मे महिन्यापासून तसाच आवळलेला होता.

हे नुसतं घासण्यापुरतं नाही, म्हणून इथे थांबून सांगतो. पुढचा डिस्क कॅलिपर फोर्कच्या मागच्या बाजूला असतो, त्यामुळे ब्रेक मारला की तो जोर चाकाचा एक्सल खाचेतून खाली, बाहेरच्या दिशेला ढकलतो. फोर्कच्या टोकाला अडवायला ओठ असतात ते यासाठीच. पण क्विक रिलीज अर्धवट आवळलेलं असेल तर भरवसा फक्त त्या ओठांवर राहतो. क्विक रिलीजची लिव्हर बंद करताना तळहातावर तिचा ठसा उमटला पाहिजे, इतका जोर लागला पाहिजे. वहिनींची लिव्हर एका बोटाने उघडली.

आणि ती लिव्हर डिस्कच्याच बाजूला होती. २०१५ मध्ये अमेरिकेत लाखो सायकली परत मागवल्या गेल्या होत्या, कारण त्यांची उघडी राहिलेली क्विक रिलीज लिव्हर फिरून रोटरमध्ये अडकू शकत होती. मी ती काढून उजव्या बाजूला घेतली.

मागच्या ब्रेकची गोष्ट वेगळी निघाली. चाक व्यवस्थित बसलेलं होतं, रोटर जवळपास सरळ होता, तरी पॅड संपलेले. कॅलिपरवरचा वायरचा नट सोडला आणि वायर हाताने ओढून बघितली तर ती आउटरमधून, म्हणजे वायरच्या बाहेरच्या नळीतून, अडकत-अडकत येत होती. मागची वायर फ्रेमखालून येते, मागच्या चाकाजवळ वळण घेते, त्या वळणात सगळ्यात खालची जागा असते आणि पावसाचं पाणी तिथेच साठतं. आपल्याकडे हवा खारट आणि दमट, गंज चढायला वेळ लागत नाही. वायर बाहेर काढली तर बरोबर त्या वळणापाशी चार बोटं लांबीचा तांबूस पट्टा. त्यामुळे लिव्हर सोडली तरी दांडा पूर्ण मागे येत नव्हता, पॅड सतत हलका घासत राहायचा, झिजायचा, लिव्हर खोल जायची, वायर आवळली जायची, आणि परत तेच.

म्हणजे दोन्ही चाकांचा आवाज ऐकायला एकसारखा, खर्र-खर्र, पण पुढे कारण चाकाच्या बसण्यात आणि मागे गंजलेल्या वायरमध्ये. आवाजावरून निदान करायला गेलो असतो तर दोन्हीकडे कॅलिपरच सरकवत बसलो असतो.

पॅड काढून मोजले. मागच्या आतल्या पॅडवर मसाला, म्हणजे रोटरवर घासणारा थर, अर्धा मिलिमीटरही राहिला नव्हता, म्हणजे तो बदलायलाच झालेला. पुढच्यावर मिलिमीटरहून जास्त होता पण पृष्ठभाग काळा, चकचकीत, नखाने खरवडलं तर चिकट. रोटर व्हर्नियरने मोजले, पुढचा १.७, मागचा १.६. नवे साधारण १.८ असतात आणि या रोटरवर कमीत कमी १.५ असं कोरलेलंच होतं.

पर्याय

वहिनींसोबत त्यांच्याच टेबलवर बसून बोललो. त्यांनी गणिताच्या वहीच्या मागच्या पानावर लिहून घेतलं.

सगळंच बदलून हायड्रॉलिक करायचं का? त्यांच्या मिस्टरांचं तेच म्हणणं होतं, एकदाच खर्च करू. हायड्रॉलिकला दोन्ही पॅड हलतात, पॅड झिजले की आपोआप जुळवून घेतात, वायर गंजायचा प्रश्न नाही. पण या सायकलला ब्रेक लिव्हर आणि गिअर शिफ्टर एकाच तुकड्यात आहेत, म्हणजे शिफ्टरही बदलायचे, आणि मुळात तिरकं बसलेलं चाक आणि तेल लागलेला पॅड यांच्यावर हायड्रॉलिक हा उपाय नाही, तिथेही तेच झालं असतं. हा पर्याय सोडला.

पुढचे पॅड साफ करायचे की बदलायचे? मसाला शिल्लक होता, फेकायला जीव होत नव्हता. वहिनी म्हणाल्या बदलू. मी म्हटलं आधी साफ करून बघतो. गॅसवर भाजून तेल जाळतात असं बरेच जण सांगतात, ते मी नाकारलं, कारण हे रेझिनचे पॅड, त्यातला मसाला ज्याने धरलेला असतो तोच उष्णतेने खराब होऊ शकतो आणि मसाला पत्र्यापासून सुटला तर ब्रेकच गेला. मी पॉलिश पेपर सपाट लादीवर ठेवून पॅड घासले आणि आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसले.

नवे पॅड कुठले, रेझिन की मेटल? दुकानातला मुलगा फोनवर म्हणाला मेटल घ्या, मुंबईच्या पावसात तेच टिकतात. त्याचं म्हणणं चुकीचं नाही, ओल्या चिखलात मेटलचे पॅड खरंच जास्त टिकतात. मी हो म्हणणारच होतो, तेवढ्यात रोटर पुसताना त्यावरची बारीक अक्षरं दिसली, रेझिन पॅड ओन्ली. स्वस्त रोटरचं पोलाद मऊ असतं, मेटल पॅड त्याला खरवडून काढतात. म्हणजे मेटल घ्यायचे तर दोन्ही रोटरही नवे. दोन्ही रोटर अजून हद्दीत होते, म्हणून रेझिनच घ्यायचे आणि पावसाळ्यात जास्त वेळा तपासायचे असं ठरलं.

पुढचा रोटर किंचित वाकलेला होता, बहुतेक पार्किंगमध्ये शेजारची सायकल त्यावर पडून. बदलायचा की सरळ करायचा? सरळ करून बघू, नाही झाला तर बदलू.

प्रत्यक्ष काम

आधी स्वच्छता. अल्कोहोल मी स्टेशनजवळच्या मोबाइल रिपेअरवाल्याकडून घेतलं, त्यांच्याकडे सर्किट पुसायला ते असतंच. रोटर दोन्ही बाजूंनी, नव्या सुती फडक्याने, फडकं काळं यायचं थांबेपर्यंत. नंतर रोटरला बोट लावायचं नाही, हाताचा तेलकटपणाही त्याला पुरतो. चेनला तेल घालताना आता वहिनी मागच्या रोटरवर जुनी पिशवी अडकवतात आणि तेल थेंबाथेंबाने घालतात, स्प्रे नाही.

मग रोटरचे सहा बोल्ट स्टार कीने, २५ नंबरच्या, एकेक करून तपासले. पुढचा एक हाताला ढिला लागला.

मग चाक. सायकल जमिनीवर, दोन्ही चाकांवर उभी. क्विक रिलीज उघडायचं, हँडलवर दोन्ही हातांनी वजन द्यायचं, एक्सल खाचेत वरपर्यंत बसलाय हे दोन्ही बाजूंनी वाकून बघायचं आणि वजन न काढता लिव्हर बंद करायची. हे मी वहिनींकडून पाच वेळा करून घेतलं. दरवेळी चाक काढून.

रोटर सरळ करायला आतला पॅडच खूण म्हणून वापरला, स्क्रू फिरवून तो रोटरला जेमतेम लागेल इतका जवळ आणला, चाक हळू फिरवलं, जिथे घासतो तिथे मार्करने रेघ. स्क्रू पाना स्वच्छ पुसून त्याच्या जबड्यात रोटर धरून अगदी हलका दाब, परत फिरवून बघायचं. घाईत जास्त वाकवलं की दुसरीकडे लाट येते, मला एकदा आलीच. पाऊण तास गेला. शेवटी एका फेरीत कुठेच ठळक घासत नव्हता, अगदी आरशासारखा सरळ झाला नाही, पण फटीत मावत होता.

कॅलिपर शेवटी, आणि त्यासाठी एक व्हिजिटिंग कार्ड. त्याची पॅडच्या रुंदीची पट्टी कापली. वायर सोडून दांडा पूर्ण मागे, विश्रांतीच्या जागी. कॅलिपरचे दोन्ही बोल्ट ढिले, कॅलिपर हलेल इतपत. बाहेरचा पॅड आणि रोटर यांच्यात कार्डाची पट्टी. आता आतला स्क्रू फिरवत आतला पॅड पुढे आणायचा, तो रोटरला ढकलून कार्डावर दाबेपर्यंत. कॅलिपर स्वतःच सरकून रोटरच्या रेषेत येतो, दोन्ही पॅड रोटरला समांतर. या अवस्थेत बोल्ट आवळायचे, पण एकदम एक नाही, पाव फेरा वरचा, पाव फेरा खालचा, आलटून पालटून, कारण शेवटच्या फेऱ्यात वायसर कॅलिपरला सोबत फिरवतो आणि सगळं अलाइनमेंट तिथे हलतं. मी आवळताना दुसऱ्या हाताने कॅलिपर दाबून धरला. मग आतला स्क्रू दोन-तीन क्लिक मागे, कार्ड काढलं, चाक फिरवलं. आवाज नाही.

लिव्हर दाबून कॅलिपर आपोआप मध्यात आणायची जी युक्ती सगळे सांगतात ती दोन पिस्टनच्या ब्रेकसाठी आहे. या एका बाजूने ढकलणाऱ्या ब्रेकवर ती वापरली तर रोटर वाकलेल्या अवस्थेतच कॅलिपर आवळला जातो.

सगळ्यात शेवटी वायर. मागची वायर आणि आउटर दोन्ही नवे, पुढची फक्त पुसून हलकं तेल. बॅरल जवळजवळ पूर्ण आत, जेणेकरून पुढे आवळायला जागा राहील, वायर हाताने ताणून नट आवळला. दांडा विश्रांतीतच राहिला ना, हे परत बघितलं.

पुढच्या ब्रेकला साफ केलेले जुने पॅड लावले आणि दोन दिवस कोरडे गेले तेव्हा तो छान लागला. तिसऱ्या दिवशी सकाळपासून पाऊस, पार्किंगच्या रॅम्पवर तपासायला गेलो तर परत ओरडायला लागला आणि पकड गेली. मसाला सच्छिद्र असतो, तेल आत मुरलेलं, मी वरचा थर घासला होता इतकंच. संध्याकाळी पुढेही नवे पॅड घातले आणि रोटर परत पहिल्यापासून पुसला.

नवे पॅड लगेच पकडत नाहीत. रविवारी पहाटे सर्व्हिस रोडवर गाड्या नसताना वहिनींनी एकेका ब्रेकने वीस-वीस वेळा, साधारण वीसच्या वेगाने येऊन चालण्याच्या वेगापर्यंत हळू करायचं, चाक लॉक करायचं नाही, असं केलं. पहिल्या चार-पाच वेळा त्यांचा चेहरा पडला, "भाऊजी, हे आधीपेक्षा वाईट आहे." दहाव्या-बाराव्याला फरक पडायला लागला. रोटरवर करडा एकसारखा थर आला.

निकाल

मोजायला मी साधी पद्धत ठेवली होती. आमच्या पार्किंगच्या गल्लीत खांब आहेत. दुरुस्तीआधी पहिल्या खांबापाशी दोन्ही ब्रेक दाबून सायकल तिसऱ्या खांबाच्या पुढे थांबत होती. बसवल्यावर, त्याच वेगाने, दुसऱ्या खांबाच्या अलीकडे. ओल्या जमिनीवर थोडं पुढे. लिव्हर अर्ध्या वाटेवर पकडते, हँडलला टेकत नाही.

दहाव्या दिवशी वहिनी बॅचला सायकलने गेल्या. ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये दर रविवारी पाच मिनिटं तपासणी त्या स्वतः करतात, कार्डाची पट्टी त्यांच्या सायकलच्या पाऊचमध्येच असते. आतल्या बाजूला फट वाढली की आधी आतल्या पॅडचा स्क्रू एक क्लिक, वायरला हात नाही. पावसात साधारण तीन आठवड्यांनी एक क्लिक लागायचा. ऑक्टोबरमध्ये कान्हेरीच्या उतारावरून येऊन त्यांनी मला फोन केला, गेटपाशीच उभ्या होत्या, म्हणाल्या, "माकडं मध्ये आली आणि मी थांबले. नुसती थांबले."

मुलालाही सांगितलं. रागावलो नाही, त्याला खाली बोलावलं, तेल लागलेला पॅड आणि नवा पॅड दोन्ही हातात दिले. आता तोच सगळ्यांना सांगत फिरतो की डिस्कला स्प्रे मारायचा नाही.

परत वेळ आली तर वेगळं काय करीन

पहिल्या दिवशी पाना हातात घ्यायच्या आधी घरातल्या सगळ्यांना विचारीन, कोणी काय केलं, कधी केलं. स्प्रेची गोष्ट मला चौथ्या दिवशी कळली, तीही मुलगा स्वतः येऊन बोलला म्हणून. पंक्चरचं तर वहिनी विसरूनच गेल्या होत्या, त्यांच्या मते तो ब्रेकशी संबंधित विषयच नव्हता.

कॅलिपरला हात सगळ्यात शेवटी लावीन. आधी चाक नीट बसलंय का, मग रोटरचे बोल्ट, मग रोटर सरळ आहे का, मग वायर मोकळी फिरते का, मग पॅड, मग कॅलिपर. मी उलट्या टोकाने सुरुवात केली आणि एक संध्याकाळ घालवली, पण संध्याकाळ गेली याचं एवढं नाही, कॅलिपर तिरक्या चाकाला जुळवून मी जवळजवळ ती चूक पक्की करून दिली होती, आणि चाक काढलं नसतं तर तसंच रस्त्यावर गेलं असतं.

तेल लागलेले पॅड थेट बदलीन. साडेतीनशे रुपये वाचवायला दोन दिवस घातले, आणि तो तिसरा दिवस पार्किंगच्या रॅम्पवर आला म्हणून ठीक, सर्व्हिस रोडवर आला असता तर वेगळं झालं असतं. वहिनी पहिल्यांदाच बदलू म्हणाल्या होत्या.

आणि जूनमध्ये लिफ्टपाशी जे बोललो ते बोलणार नाही. पावसात डिस्क ओरडते हे खरं असलं तरी खाली जाऊन लिव्हर दाबून बघायला दोन मिनिटं लागली असती.

मागच्या रोटरचा प्रश्न अजून सुटलेला नाही. पावसाळा संपल्यावर परत मोजला तर १.६ च्या किंचित खाली आलाय, हद्द १.५. येत्या पावसाळ्याआधी तो बदलावाच लागेल, आणि बदलायचाच आहे तर मेटल पॅड चालणारा रोटर घ्यायचा का, म्हणजे पॅड जास्त टिकतील, की जे चाललंय ते रेझिनच ठेवायचं आणि दर तीन आठवड्यांनी क्लिक करत राहायचं, यावर वहिनींचं अजून ठरत नाहीये. मेटल पॅड आवाज जास्त करतात हे मी सांगितलंय. मे महिन्यात ठरवू म्हणाल्यात.